अकरावा माणूस

दिमोना, २२ ऑगस्ट २००४
एलुल ५

मिली झिवोनी यांस,
शालोम.

तुमच्याकडे काम करणाऱ्या मुलीचा परवा गिरणीत फोन आला. मी मागावर होतो, मुकादमाने हाका मारून बोलावलं. ती म्हणाली, "मिलीला आईच्या कबरीपाशी जाऊन क्षमा मागायची आहे. त्याला दहा पुरुष साक्षीला लागतात म्हणे. तुम्ही तिथल्या सिनेगॉगचं बघता, तर व्यवस्था होईल का? सकाळची वेळ बरी पडेल. उजेड चांगला असतो."

उजेड कशाला लागतो ते मला कळतं. तुमच्या चाळीस वर्षांच्या कारकिर्दीवर टीव्हीवाले माहितीपट करत आहेत आणि तुम्हाला मोठा पुरस्कार मिळणार आहे, हे इथे सगळ्यांनी पेपरात वाचलं आहे. त्यांचा एक माणूस मला दोनदा भेटायला आला होता. मी दार उघडलं, पाणी दिलं आणि परत पाठवलं.

मेलेल्या माणसाची क्षमा मागायची असेल तर दहा माणसं नेऊन त्यांच्यासमोर आपला अपराध बोलायचा, ही रीत खरी आहे. पण ती रीत आहे, नाटकातला प्रवेश नव्हे. माझ्या दहा माणसांत तिघांचे गुडघे दुखतात आणि एकाला दिसत नाही. त्यांना उन्हात तुमच्यासाठी उभं करणार नाही.

हे पत्र मराठीत लिहितो आहे, म्हणजे त्या मुलीला वाचता येणार नाही. तुम्हालाही येत नसेल तर सोडून द्या.

एझ्रा झिराडकर


दिमोना, २९ ऑगस्ट २००४
एलुल १२

मिल्का,
शालोम.

तुझं पत्र मिळालं. पाकीट उघडल्यावर मी आधी नुसतं अक्षरच बघत बसलो. तू मुलांच्या तुकडीबरोबर कोकणातून इकडे आलीस तेव्हा चौदा वर्षांची होतीस. त्यानंतर मराठी लिहिलं नसशील, म्हणून तुझं अक्षर अजून चौदा वर्षांचंच आहे. गावच्या शाळेत गुरुजी "मिल्काचा ध बघा" म्हणून सगळ्यांना पाटी दाखवायचे. तो ध अजून तसाच आहे. माझी सातवी तिथेच झाली, पण माझी पाटी कधी कुणी दाखवली नाही.

तू लिहितेस, उजेडाचं त्या मुलीने आपल्या मनाचं सांगितलं, कॅमेरा येणार नाही. असेल. पण तुझ्या बोलण्यावर विश्वास ठेवायची माझी ताकद गेली आहे, आणि ती का गेली हे तुला एकदा सरळ लिहायला हवं. बारा वर्षांत मी ते लिहिलं नाही. आईच्या नावाने जे लिहिलं ते वेगळं.

तू आपलं नाव बदललंस, त्याचं मला काही वाटलं नाही. आम्ही एकोणसत्तरला आलो तेव्हा तुझा पहिला सिनेमा येऊन गेला होता. तू त्यात यमनची नवरी होतीस. मग मोरोक्कोची मोलकरीण झालीस, इराणची सवत झालीस, इराकच्या भाजीवाल्याची बायको झालीस. रंग सावळा आणि डोळे मोठे, म्हणून तुला त्यांनी सगळ्या देशांत फिरवून आणलं, एका आपल्या कोकणात तेवढं नेलं नाही. मुलाखतीत आईबाप कुठले असं विचारलं की तू हसून "लांबचे" म्हणायचीस. आई टीव्हीसमोर बसून मला विचारायची, "आज कुठली झाली रे माझी पोर?"

"आज इराणची."

"बरंय. गेल्या खेपेला त्या मोरोक्कोवाल्यांनी फार राबवली होती तिला."

तिला राग नव्हता. बाबा मात्र उठून बाहेर जायचे. तरी तुझा सिनेमा लागला की बेरशेबाला जाऊन एकटेच बघून यायचे आणि आम्हाला सांगायचे, दाताच्या डॉक्टरकडे गेलो होतो. त्यांच्या तोंडात चारच दात राहिले होते.

नव्वद साली बाबा गेले. तू आलीस, सात दिवस जमिनीवर बसलीस, आरसे झाकलेस, आईच्या हातचं खाल्लंस. सिनेगॉगमधला पेणकर मला म्हणाला, "एवढी मोठी नटी, पण बापासाठी कशी बसलीय बघ." मला अभिमान वाटला. तिसऱ्या दिवशी दुपारी सगळे गेले, आई पडली होती, तेव्हा मी तुला ती गोष्ट सांगितली. आधी कुणाला सांगितली नव्हती, बायकोलासुद्धा नाही.

ती मी पुन्हा लिहितो. तू ती दाखवलीस तशी ती नव्हती.

दवाखान्यात मी बाबांजवळ बसलो होतो. डॉक्टर म्हणाले होते की रात्र निघेल. दुपारच्या प्रार्थनेची वेळ झाली आणि एक माणूस दारात आला. म्हणाला, "आम्ही नऊच आहोत. एक येता का?" त्याची बायको आदल्या आठवड्यात गेली होती. दहा झाल्याशिवाय त्याला तिच्यासाठी कद्दिश, म्हणजे गेलेल्या माणसासाठीची प्रार्थना, म्हणता येत नव्हतं. त्याच्या सदऱ्याची, सुतकाच्या रीतीने फाडलेली बाजू लोंबत होती. बाबा झोपले होते. मी गेलो. बारा मिनिटांत परत आलो. बाबा गेले होते, आणि त्यांचे डोळे नर्सने मिटवले होते.

आपले लोक कोकणात सगळं विसरले, भाषा विसरले, पुस्तकं विसरले, एक शमा, देव एकच आहे हा पाठ, तेवढा विसरले नाहीत. माणूस जाताना त्याच्या कानाशी तो म्हणायचा असतो. मी तो म्हटला नाही. आणि आईला मी सांगितलं होतं की म्हटला, त्यांचे ओठ हलले.

हे मी माझ्या बहिणीला सांगितलं. ते ऐकायला मिली झिवोनी बसली होती, हे मला दोन वर्षांनी टीव्हीवर 'वाळूतले शेजारी' ही मालिका लागली तेव्हा कळलं. त्यात तू म्हातारी आई झालीस, आणि तुझा तो बावळट मुलगा, मोमो. बाप खाटेवर घरघरतोय आणि मोमो गल्लीत दहावा माणूस शोधत धावतोय, टोपी उडतेय, कोंबडीला अडखळतोय. परत येतो तो बाप मेलेला. मागे लोक हसतात. मग तू आईचं रडणं रडलीस, तिच्याच शब्दांत, आपल्या भाषेत. लोक त्यालाही हसले, कारण त्यांना ती भाषा वाटलीच नाही. त्यांना वाटलं तू नुसते आवाज काढतेस.

त्या माणसाची बायको तू गाळलीस. तेवढी ठेवली असतीस तर कुणी हसलं नसतं.

आम्ही तो भाग पेणकरांकडे बसून बघितला. आई मधल्या खुर्चीत होती. दुसऱ्या दिवसापासून गिरणीत मी मोमो झालो. अजून आहे. नवीन आलेली रशियन पोरं, ज्यांनी ती मालिका पाहिलीसुद्धा नाही, तीही "मोमो, धागा तुटला" म्हणतात. त्यांना ते माझं खरं नाव वाटतं.

आईने त्यानंतर काय सांगितलं ते मी तुला तेव्हाच कळवलं होतं. ते पुन्हा लिहीत नाही.

एझ्रा


दिमोना, ८ सप्टेंबर २००४
एलुल २२

मिल्का,
शालोम.

तुझी दोन पत्रं एकदम आली. तू कारण काही दिलं नाहीस, हे बरं केलंस. पंधरा दिवसांपूर्वी ते दिलं असतंस तर मी फाडून टाकलं असतं. तू एवढंच लिहिलंस, "ते माझ्याजवळचं सगळ्यांत खरं होतं आणि मला एकदा तरी आपल्या घरातलं कुणी व्हायचं होतं." मी ते वाक्य चारदा वाचलं. मला ते पटलं नाही. पण खोटंही वाटलं नाही.

तू तिसऱ्यांदा मागते आहेस. तीनदा मागूनही जो देत नाही, पाप त्याच्या माथी येतं, हे मला शिकवायला कुणी नको. दर वर्षी एलुलमध्ये, क्षमा मागायच्या महिन्यात, मीच लोकांना ते वाचून दाखवतो. आई तर उठून देणार नाही. माझ्या हाती आहे ते दहा माणसं गोळा करणं. तेवढं करतो.

रविवारी सकाळच्या प्रार्थनेनंतर मी विषय काढला. एलियाहू पेणकर तुला आठवत असेल, बस चालवायचा तो. आता निवृत्त झाला, पण अजून सगळ्यांना "पुढे सरका" म्हणतो. तो म्हणाला, "मोमो, अखेर खरंच दहावा शोधायला निघालास की रे!"

सगळे हसले. मीही हसलो, म्हणजे तोंड तसं केलं.

बिनयामिन भोनकर म्हणाला, "ती चाळीस वर्षं यमनची होती. यमनच्या लोकांना सांग की उभे राहायला."

"अरे, इराणचेही देणं लागतात," पेणकर म्हणाला. "इराकचेही. एकेका देशाने एकेक माणूस दिला तर आपल्याला घरी बसता येईल."

"सही देईल का पण ती? माझ्या सुनेला हवीय."

"कबरीवर सही मागतोस? लाज आहे का काही?"

"कबरीवर नको. फाटकापाशी घेईन."

मग म्हातारा नागावकर, ज्याला दिसत नाही तो, काठी आपटून म्हणाला, "मी येतो. तिची आई मला दर नव्या वर्षाला चिकाचा हलवा पाठवायची. तो ओळखायला डोळे लागत नव्हते. किती झाले, एझ्रा?"

मग एकेक जण हो म्हणत गेला. भोनकर सर्वांत शेवटी म्हणाला, आणि तोही "तुझ्यासाठी, तिच्यासाठी नव्हे" असं बजावून. एकूण नऊ झाले. माझ्यासकट दहा.

गुरुवार, २३ सप्टेंबर ठरवू. दुपारी चार वाजता. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी योम किप्पूर, क्षमेचा उपवास, लागेल. तू एकटी ये. चष्मा काळा नको. आईच्या दफनाला तू फाटकाशी तो घालून उभी होतीस आणि लोक कबर सोडून तुझ्याकडे बघत होते. मी तुला आत बोलावलं नाही, हे माझ्या लक्षात आहे.

तू पुन्हा पुन्हा विचारतेस, आईने ते पत्र सांगितलं तेव्हा ती कुठे बसली होती, नेमके काय शब्द होते, रडली का. कशाला हवंय? तुला काय ते पुन्हा करून दाखवायचं आहे? मी काय लिहिलं होतं ते तुझ्याकडे आहे. तेवढं पुरे.

एझ्रा

ता.क. नवीन वर्ष गोड जावो. बायकोने हलवा केला आहे, आईसारखा होत नाही.


दिमोना, १९ सप्टेंबर २००४
तिश्री ४, गदल्याचा उपवास

बाय,

हे पत्र तातडीच्या टपालाने पाठवतो आहे, गुरुवारच्या आत तुझ्या हाती पडायला हवं. आज उपवास आहे, गिरणीतून लवकर आलो. सकाळपासून लिहायला बसायचा झाला नव्हता तो धीर आता, उपाशीपोटी, आला आहे.

काल शब्बाथ संपल्यावर मी रब्बीला गाठलं. आमचा रब्बी तरुण आहे, माझ्या मुलाच्या वयाचा, मोरोक्कोच्या घरातला. मी आपलं सहज विचारल्यासारखं विचारलं, "कबरीपाशी जो क्षमा मागतो, तो स्वतः दहांत धरला जातो का?"

तो म्हणाला, "नाही. मागणारा निराळा, साक्षीदार दहा निराळे. पण तुम्हाला ही अडचण कशी येईल? तुमची बहीण तर बाई आहे. ती दहांत येतच नाही."

मी वाकून बुटाची नाडी बांधू लागलो.

तो कुलूप लावत होता. किल्ली कुलपातच ठेवून त्याने माझ्याकडे बघितलं. लहान आहे, पण मूर्ख नाही. म्हणाला, "एझ्राभाऊ, नऊ आहेत ना तुमच्याशिवाय?"

"नऊ."

"मग अजून एक शोधा." आणि किल्ली फिरवून म्हणाला, "मी येऊ का?"

असे अकरा झालो. दहा ते, आणि मी.

म्हणजे तुला आता कळलं असेल. गुरुवारी क्षमा मागणार आहे तो मी. दोन गोष्टींची. पहिली तुला ठाऊक आहे, शमाची. त्या दिवशी पेणकरांकडून घरी येताना आईने जिन्यात थांबून मला विचारलं होतं, "तू म्हटला होतास ना रे?" मी म्हणालो, "आई, ही सगळी नाटकं. मिल्काला काय, लोकांना हसवायचंय." ती बरं म्हणाली आणि कठडा धरून वर गेली.

दुसरी गोष्ट ते पत्र.

ते आईचं पत्र नव्हतं. आईने पत्र सांगितलं हे खरं, मी समोर वही घेऊन बसलो हेही खरं. तिला लिहिता वाचता येत नव्हतं, तुझी इकडच्या भाषेतली पत्रं मीच तिला आपल्या भाषेत वाचून दाखवायचो आणि तिची मीच लिहायचो. त्या दिवशी तिने सांगितलं एक आणि मी लिहिलं दुसरं. "आईने तुझं नाव या घरात घ्यायचं नाही असं सांगितलं आहे. तू येऊ नकोस. तिच्या जिवंतपणी येऊ नकोस." हे शब्द माझे आहेत. मी ते सुबक अक्षरात लिहिले आणि टपालात टाकले. पुढे तुझे फोन आले तेव्हा आई झोपली आहे असं मीच सांगायचो. तिला फोनवर ऐकू येत नसे, त्यामुळे सोपं गेलं. तुझी पाकिटं परत गेली ती माझ्या हातून. आईला मी सांगितलं की तुला वेळ नसतो. अकरा वर्षं ती टीव्हीवर तुला शोधायची, आणि कुठली झालीस हे विचारायचं तिने हळूहळू सोडून दिलं.

तेव्हा तुझ्यासाठी मागण्यासारखं त्या कबरीपाशी काही नाही. ज्याची क्षमा मागायला तू बारा वर्षं तळमळते आहेस, ती तुला महिन्याच्या आत मिळालेली होती. मी ती वाटेत अडवली.

आता तू म्हणशील, मग तू तरी मला माफ कर. बाय, ते होत नाही अजून. मी प्रयत्न करतो. रोज सकाळी प्रार्थनेचे पट्टे हाताला बांधताना करतो. मग मागावर कुणीतरी मोमो म्हणतं आणि मला ती कोंबडी आठवते. मी तुला सांगितलं त्या गोष्टीत कोंबडी नव्हती. तू माझा विश्वासघात केलास, मी तुझा आणि आईचा केला. माझा मोठा आहे हे मला कळतं. तरी तुझा लहान होत नाही. आईला तसं नव्हतं, तिला दोन्ही एकदम दिसायचं. मी तिच्यासारखा झालो नाही.

तू ये किंवा येऊ नकोस. मी चार वाजता असेन. तू आलीस तर माझं बोलणं तुलाही ऐकावं लागेल, दहा माणसांसमोर, आणि मग त्यातलं तू काय करशील ते तुझं तू बघ. या वेळी मी तुला काही गुपित ठेवायला सांगत नाही.

आता तू विचारलंस ते. आई स्वयंपाकघरात, खिडकीपाशी, स्टुलावर बसली होती. नारळ खवत होती. रडली नाही. खवणी न थांबवता सांगत होती. मी जसं आठवतं तसं लिहितो. आठवतं म्हणजे काय, रोज आठवतं.

"लिही. बाय, तुझा खेळ बघितला. पेणकरणीकडे जमलो होतो. माझं रडणं बरं केलंस, पण मी एवढी मोठ्याने नव्हते रडले. तू नेहमीच थोडं जास्त करतेस, लहानपणी पडलीस तरी सगळ्या वाडीला कळायचं. लोक हसले त्याचं मला काही नाही. माणसं मेलेल्याच्या घरातही हसतात. पण एझ्राला हसवायला नको होतंस. लिहिलंस?

"लिही. तुझा भाऊ म्हणतो, सगळी नाटकं. म्हणू दे त्याला. बापाचे डोळे नर्सने मिटवले हे तिनेच मला त्या दिवशी हाताने खुणा करून सांगितलं होतं. तो जवळ असता तर त्याने मिटवले असते. मला तेव्हाच कळलं. कुठे गेला असेल तेही कळलं, तो दुसरीकडे कुठे जाणार? दारात कुणी 'एक कमी आहे' म्हणालं की तो उठणारच, त्याला बापानेच तसा केलाय. बाप शुद्धीवर असता तर 'जा' म्हणाला असता. लिही, थांबलास का?

"लिही. तो आता माझ्यासमोर बसलाय, मान खाली घातलीय त्याने. त्याला वाटतं मी रागावेन. मी रागावले नाही, त्याच्यावर नाही आणि तुझ्यावर नाही. त्याच्या तोंडावर मला हे बोलता येत नाही, म्हणून तुला लिहायला सांगते. तू ये. सुट्टी मिळेल तेव्हा ये. त्याची समजूत काढ, तो तुझं ऐकेल, लहानपणापासून ऐकतो. एवढंच. झालं लिहून?"

"झालं," मी म्हणालो.

"मग वाच बघू."

मी वही समोर धरली आणि तिने सांगितलं होतं तसंच, शब्द न शब्द, तिला वाचून दाखवलं. वहीत ते नव्हतं.

एझ्रा